सुभाष आत्माराम, जळगाव

भाऊ,

तुझा फोन मी घासला. तू असतास तर आधी हातातून काढून घेतला असतास, मग उजेडात तिरपा धरून पाहिला असतास आणि म्हणाला असतास, "दिलीप, तू पायपांच्या गोडाऊनमध्येच बरा." म्हणून आधीच सांगून ठेवतो, काम वाईट झालेलं नाही. पाठीवरून बोट फिरवलं तर कुठे अडत नाही. न अडणं हीच चूक झाली, पण ते पुढे येईल.

तुला जाऊन अजून महिना व्हायचाय. भेटायला येणारे तू किती सज्जन होतास ते मला सांगतात आणि मी मान हलवतो. धुळ्याच्या दुकानात तू लोकांना चष्म्याची काच शर्टाच्या टोकाने पुसली म्हणून कसा झापायचास, ते कोणी सांगत नाही. ओरखडा दिसला की तुझं डोकं फिरायचं. माणसाने दुसरं काहीही केलेलं तुला चालायचं, फक्त वस्तूला ओरखडा पाडलेला चालायचा नाही.

म्हणून तर ते दोन फोन म्हणजे तुझ्या जिवाला घोर होता. आठवतं ना, दोघांनी एकाच दुकानातून घेतले होते, एकाच राखाडी रंगाचे, मागची पाठ अख्खी धातूची. मी म्हणत होतो की वेगळा रंग घेऊ. तू म्हणालास, "राखाडीवर ओरखडा कमी दिसतो." झालं. मग त्या वर्षी आखाजीच्या सणाला तू वहिनीला घेऊन जळगावला आलास, पुरणपोळी खाऊन दुपारी ताणून दिलीस, आणि संध्याकाळच्या गाडीने माझा फोन घेऊन धुळ्याला गेलास. दुसऱ्या दिवशी दिवसभर मला लोक विचारत होते, बायफोकल तयार झाला का. आणि आमच्या साहेबांनी तुला विचारलं, अडीच इंची पाइप किती शिल्लक आहे. तू काय सांगितलंस? "भरपूर आहे." त्या 'भरपूर'पायी मी किती बोलणी खाल्ली, त्याचं तुला शेवटपर्यंत हसूच येत राहिलं.

मायने मात्र ते हसण्यावारी नेलं नाही. पुढच्या खेपेला तू आलास तेव्हा आपण दोघे जेवून आडवे झालो होतो आणि दोन्ही फोन चार्जिंगला होते. मायने ते उचलले, पिशवीत घातले आणि बाजारात भांड्यांच्या दुकानात गेली. जिथे ती तांब्या-पेल्यांवर नाव टाकून घेते, तिथेच. त्या माणसाने जन्मात कधी फोनवर नाव टाकलं नसेल, पण मायपुढे तो तरी काय बोलणार? त्याने ते टरटर वाजणारं मशीन लावलं आणि ठिपक्याठिपक्यांच्या अक्षरात कोरून दिलं. तुझ्यावर 'सुभाष आत्माराम, जळगाव' आणि माझ्यावर 'दिलीप आत्माराम, जळगाव'. आबांचं नाव आलं, गावाचं आलं. आडनाव तेवढं जागेअभावी राहिलं.

तू उठलास आणि ती पाठ पाहिलीस. तुझा चेहरा मी विसरणार नाही. नव्या फोनवर एक केसाएवढी रेघ पडली तर तू जेवत नव्हतास, आणि इथे अख्खी ओळ कोरलेली. माय शांतपणे म्हणाली, "नाव नही ते भांडं घर येस का?" लग्नाकार्यात दिलेलं भांडं नावामुळेच ओळखू येतं आणि परत येतं, एवढाच तिचा हिशेब. तू म्हणालास, "माय, हा फोन आहे." ती म्हणाली, "मंग? तो काय तुले सोडीसन जास नही का?" आदल्या खेपेला तोच तुला सोडून गेला होता. मग तू जळगाववर घसरलास. म्हणालास, मी धुळ्याचा, माझं दुकान धुळ्याला, घर धुळ्याला, आणि ही मला अजून जळगावचाच म्हणते. ती म्हणाली, "तू कोठेबी ऱ्हाय." त्यावर वहिनी इतकी हसली की तिला ठसका लागला.

त्या दिवसापासून तू फोनला कव्हर घातलंस आणि "एक दिवस हे नाव घासून काढतो" म्हणायला लागलास. वर्षानुवर्षं म्हणत राहिलास. कव्हरच्या आत धूळ जाते आणि कव्हरनेच जास्त ओरखडे पडतात, हेही तूच सांगायचास, आणि दिवाळीला आलास की आमच्या गॅलरीत मांडी घालून ते ओरखडे काढत बसायचास. मी चहा घेऊन शेजारी बसायचो आणि तू मला शिकवायचास, मी विचारलेलं नसताना. फोन आधी बंद करायचा. चार्जिंगचं तोंड, स्पीकरची भोकं, कॅमेऱ्याची काच, सगळ्यांवर चिकटपट्टी लावायची. टूथपेस्ट साधी पांढरी घ्यायची, जेल नाही. जुन्या बनियनचा तुकडा, तो धुऊन मऊ झालेला. गोल गोल घासायचं नाही, भांडी नाहीत ती. एकाच दिशेने, हलक्या हाताने. खोल असेल तरच पॉलिश पेपर, तोही अगदी बारीक, आणि दाब द्यायचा नाही. "ओरखडा निघत नसतो, दिलीप. आजूबाजूचा धातू त्याच्या पातळीला खाली आणायचा असतो. म्हणून जास्त घासायचं नाही, रंग जातो."

नाव का नाही काढत मग, असं मी तुला डिवचायचो. तू म्हणायचास, खोल कोरलंय, काढायला गेलो तर पाठीला खड्डा पडेल. आणि नावावर चिकटपट्टी लावून बाकीचं घासायचास. तुला ते नाव आवडायला लागलं होतं असं मी मानत नाही. तू तितका गोड माणूस नव्हतास. तुला खड्डा नको होता, बस.

दुसरी एक गोष्ट तू काढली नव्हतीस. कोपऱ्यावरचा तो टवका. एकदा वहिनीशी बोलायला म्हणून तू फोन मायच्या हातात दिलास आणि तिच्या हातातून तो स्वयंपाकघरातल्या शहाबादीवर पडला. तुझ्या तोंडून "अरे!" निघालं आणि लगेच तू म्हणालास, "काही नाही झालं, माय." मी तिथेच उभा होतो. तुला एवढं चांगलं खोटं बोलता येतं हे मला तेव्हा कळलं. तिने अंगठ्याने कोपरा चाचपला. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू पिकत चाललेला, चष्मेवाल्याची आई असून चष्मा घालायला राजी नाही, सगळं बोटांनीच पाहायची. म्हणाली, "व्हयनं ना. हाई देख." त्यानंतर दर खेपेला तू आलास की ती आधी तुझा फोन मागायची, कव्हर सरकवायची, कोपऱ्यावर अंगठा ठेवायची आणि म्हणायची, "मना हातनी खूण शे का?" तू म्हणायचास, "आहे." हा तुमचा दोघांचा खेळ होता. मी त्यात नव्हतो, म्हणून मी तो विसरलो.

आता वादाचं बोलू. भडगावचे मामा गेले तेव्हा मी मायला सांगितलं होतं की मामांना दवाखान्यात ठेवलंय. हळूहळू सांगू म्हटलं होतं. तू धुळ्याहून फोन केलास आणि सरळ सांगून टाकलंस. मी तुझ्याशी बरेच दिवस बोललो नाही. नंतर बोलायला लागलो तेव्हाही तू माघार घेतली नाहीस. "माय काचेची नाही. तू तिला कापसात गुंडाळतोस आणि ती आतून सगळं ओळखून गप्प बसते. तिला एकटं पाडतोस तू." मी म्हणालो, रोज रात्रंदिवस तिच्याबरोबर मी असतो, तू फोनवरून शहाणपणा शिकवू नकोस. हा वाद आपण मिटवला नाही. दर सहा महिन्यांनी तो कुठल्या तरी निमित्ताने निघायचा आणि तसाच राहायचा.

आणि भाऊ, हे मला तुझ्या तोंडावर म्हणायचं होतं. तू गेल्यावर वहिनीला दुकानाच्या ड्रॉवरमध्ये छातीच्या गोळ्या सापडल्या. चष्म्याच्या डब्यांच्या मागे. लपवू नकोस, सांगून मोकळं हो, हे मला सांगणारा तू. मला राग आला, अजून आहे. रडणं वगैरे त्यानंतर आलं.

त्या दिवशी मी म्हटलं होतं, उन्हाचा मोटरसायकलवर येऊ नकोस, बसने ये. पारोळ्याच्या एका गिऱ्हाइकाचा चष्मा पोचवायचाय, मग तसाच पुढे येतो, असं तुझं उत्तर. बारा वाजून गेले, तू आला नाहीस. मी फोन लावला. एका बाईने उचलला. म्हणाली, "दादा, सुभाषभाऊले बरं नही शे, तुम्ही लवकर या." तिने तुझं नाव घेतलं म्हणून मला वाटलं कोणीतरी ओळखीची आहे, तुझ्या गिऱ्हाइकाकडची असेल. त्यातच थोडा धीर आला. मी पोचलो तोपर्यंत तुला दवाखान्यात नेलं होतं आणि सगळं संपलं होतं.

पारोळ्याच्या अलीकडे रस्त्याला रसवंती आहे. तिथे तू गाडी लावलीस, खिशातून फोन काढलास आणि पडलास. फोन हातातून सुटून डांबरावर घासत गेला, कव्हर कुठेतरी उडालं. तुझं कोपर आणि गुडघा खरचटला होता, चेहऱ्याला काही नव्हतं. धुळ्याला मायला नेलं तेव्हा तिने तुझ्या कपाळावर हात ठेवला. बाकी सगळं कपड्याखाली झाकलेलं होतं.

मी आणि वहिनीने ठरवून मायला सांगितलं की तू रात्री जेवून झोपलास आणि सकाळी उठलाच नाहीस. वहिनीचं मन होत नव्हतं, मीच म्हणालो. माझा भाऊ भर उन्हात रस्त्याच्या कडेला धुळीत पडून गेला, हे त्या बाईला मी कसं सांगणार होतो? तूच सांग. तू सांगितलं असतंस, हे मला माहीत आहे. मला जमलं नाही. माय "बरं" म्हणाली आणि पुढे काही विचारलं नाही.

पाचव्या-सहाव्या दिवशी मी तुझा फोन आणायला त्या रसवंतीवर गेलो. त्या बाईने तो स्वच्छ फडक्यात बांधून ठेवला होता. मला बसवलं, न विचारता रस काढून दिला, आलं-लिंबू घालून. मी तो सगळा प्यालो. तहान लागली होती, गोड लागला, आणि त्याची लाज वाटली. ती खूप बोलत होती. मी फोनची पाठ पाहत होतो. डांबराने ती पार खरवडून काढली होती. तू पाहिली असतीस तर तिथेच पुन्हा पडला असतास.

तेराव्यानंतर आम्ही जळगावला परतलो आणि दुसऱ्याच दिवशी मायने विचारलं, "त्याना फोन कोठे शे?" मी म्हणालो, असेल वहिनीकडे. तर म्हणाली, "कार्य व्हई गयं ना? आते मनं भांडं मले दे."

तिच्या हातात ती पाठ कशी देणार? तिचा अंगठा डोळ्यापेक्षा पक्का. फोन फरफटत गेलाय हे एका क्षणात कळलं असतं. झोपेत गेलेल्या माणसाचा फोन असा होत नाही. म्हणून ती शेजारी बसायला गेली तेव्हा मी गॅलरीत तुझ्यासारखी मांडी घालून बसलो. फोन बंद केला. चिकटपट्ट्या लावल्या. नावावर दोन लावल्या. बनियन माझंच. वरवरचे ओरखडे टूथपेस्टने गेले, पण डांबराचे खोल होते. पॉलिश पेपर घेतला. एकाच दिशेने, हलक्या हाताने, तू सांगितलंस तसं. करड्या रंगाची पेस्ट बोटांना लागत होती आणि खालून पांढरा धातू दिसायला लागला. रंग जातो म्हणाला होतास, तो गेलाच. मायला रंग दिसत नाही, म्हणून मी तिकडे लक्ष दिलं नाही.

अडचण वेगळीच आली. ओरखड्यांत तुझे जुने कोणते आणि डांबराचे कोणते, हे मला कळेना. किल्ल्यांचे, दुकानाच्या काउंटरचे, कव्हरमधल्या धुळीचे, सगळे एकमेकांवरून गेलेले. म्हणून मी सगळेच काढले. कोपऱ्यालाही खरवडलेलं होतं, तोही घासून घासून गोल केला. हात दुखायला लागले, पण भाऊ, खरं सांगतो, तेवढा वेळ मला बरं वाटत होतं. तू शेजारी बसून "दाब देऊ नकोस" म्हणतोयस असं वाटत होतं आणि मी तुझं ऐकत होतो. जिवंतपणी एवढं कधी ऐकलं नाही.

शेवटी चिकटपट्टी काढली. नाव तसंच होतं, ठिपकान् ठिपका.

संध्याकाळी चहा झाल्यावर मी फोन मायला दिला. ती खाटेवर बसली होती. तिने दोन्ही हातांत घेतला, उलटा केला आणि नावावरून अंगठा फिरवला. सु, भा, ष, एकेक अक्षर. मला वाटलं, निभावलं. मग तिचा अंगठा कोपऱ्यावर गेला. तिथे थांबला. मागे आला, पुन्हा गेला. मग दुसरा कोपरा पाहिला, तिसरा पाहिला, आणि परत पहिल्यावर आला.

"मना हातनी खूण कोठे गयी?"

मी चहाचे कप उचलायला हात पुढे केला.

"हाई इतलं गुयगुयीत कसं व्हयनं? कोन घासं?"

"मी."

"का बरं?"

तिच्याकडे पाहून खोटं बोलता येतं, तिला दिसत नाही. पण तिने माझं मनगट धरलं होतं. शेवटी तिनेच विचारलं, "दिलीप, तो पडना व्हता का?"

मी हो म्हणालो. मग सगळं सांगितलं, पारोळा, रसवंती, ऊन, डांबर. रडू येईल असं वाटलं होतं, तिला आणि मला. तिला आलं नाही. ती ऐकत राहिली, दवाखान्याचा पत्ता ऐकावा तशी. आणि मग तिने एकच विचारलं.

"त्यानाजोडे कोन व्हतं?"

भाऊ, इतक्या दिवसांत मी हे धरून बसलो होतो की ती 'कसा पडला' विचारेल, 'लागलं का' विचारेल. जवळ कोण होतं हे तिला विचारायचं असेल, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. आणि झोपेत गेला म्हणून सांगून मी तिचा तेवढा प्रश्नही काढून घेतला होता. तू जे म्हणायचास तिला एकटं पाडतोस, ते हे.

मी म्हणालो, रसवंतीवाली बाई होती. तिने तुझं डोकं मांडीवर घेतलं, पदराने वारा घातला, आणि गाडी येईपर्यंत तुला हाका मारत राहिली.

"काय म्हनी हाका मारे?"

आणि तेव्हा त्या बाईचं बोलणं मला नीट ऐकू आलं, जे मी रस पिताना अर्धं कानाआड केलं होतं. ती तुझ्या ओळखीची नव्हती. तुला तिने जन्मात पाहिलं नव्हतं. कव्हर उडालं, फोन तिच्या पायाशी पालथा येऊन थांबला, आणि तिने वाचलं. "मांगे नाव व्हतं ना, दादा. मंग मी नाव लिसन हाका मारत ऱ्हायनू. सुभाषभाऊ, डोया उघडा. सुभाषभाऊ, जयगावले जानं शे ना?"

मी मायला ते तसंच्या तसं सांगितलं.

तिने अंगठा पुन्हा नावावर ठेवला. मग म्हणाली, "त्यानी ओ दिधी का?"

"एकदा दिली म्हणे. जळगाव म्हटल्यावर. 'हा' म्हणाला."

मायने फोन छातीशी धरला आणि आता मात्र तिला रडू आलं. मी तिच्याजवळ बसलो. मलाही आलं. वर्षानुवर्षं तू त्या नावाला नावं ठेवलीस आणि त्या जळगाववर चिडलास, आणि शेवटी अनोळखी माणसाच्या तोंडून तेवढंच तुझ्या कानात गेलं, तुझं नाव आणि घर. तुला खड्डा नको होता म्हणून ते नाव राहिलं, याबद्दल मी तुझे उपकार मानतो. हे तुला सांगायला तू हवा होतास.

डोळे पुसून माय उठली. फळीवरून नवा तांब्या काढला, आखाजीला म्हणून आणलेला, अजून कोरा. माझ्या हातात दिला. "बाजारमा जाय. यावर नाव टाकी आन. आपलं नको, त्या बाईनं टाक. आन तिले दी ये."

मी पिशवी घेतली, चपला घातल्या. दारापर्यंत गेलो.

मागून माय म्हणाली, "तिनं नाव काय शे?"

मी तसाच उभा राहिलो. रस प्यालो होतो, फोन घेतला होता, दोन वेळा नमस्कार केला होता. नाव विचारलं नव्हतं.

उद्या सकाळच्या गाडीने पारोळ्याला जातोय, भाऊ. आधी नाव विचारून येतो.